दीड सिनेमाची नटी

आमच्या रत्नागिरीने देशाला थोर माणसे पुष्कळ दिली, असे आम्ही रत्नागिरीकरच सांगत असतो आणि पाहुण्याला ते चहा गार होईपर्यंत ऐकून घ्यावे लागते. तथापि आपल्या थोरपणाविषयी स्वतःलाच लवमात्र शंका नसलेली व्यक्ती या लाल मातीत एकच निपजली, आणि ऐंशीच्या दशकातल्या त्या दिवसांत ती चौथीच्या वर्गात, माझ्याच बाकावर, माझ्या उजव्या हाताला बसत होती. दोन वेण्या, तेलाने चपचपीत. गुडघ्यावर बारमाही खपली. आणि व्यवसाय, तिच्याच शब्दांत सांगायचा तर, ‘सिनेमात आहे’. सारी आळी तिला नटी म्हणत असे. आधी ते टोमण्यादाखल होते, मग कौतुकाचे झाले, आणि पुढे पुढे तर तिची आईसुद्धा ‘नटीला हाक मारा गो, आमटी निवतेय’ असे निर्विकारपणे म्हणू लागली. तिची एकूण कारकीर्द दीड सिनेमाची. अर्ध्यात तिची पाठ होती आणि एकात तोंड. पण या दीडाचा भार ती अशा काही ऐटीने वाहत असे की शाळेच्या दारातून आत येताना तिला नेहमी थोडी जागा जास्त लागे.

तिचे बाबा फोटोग्राफर. खाली स्टुडिओ, त्याच्या मागे अंधारखोली, आणि वर राहते घर. जिन्यात दोन वास सदैव एकमेकांशी भांडत असत: अंधारखोलीतला रसायनांचा आंबूस वास वर चढू पाही, तर वरून तळलेल्या बांगड्यांचा वास खाली उतरू पाही, आणि त्या दोघांच्या कचाट्यात मधल्या पायरीवर बसून आम्ही दोघी पाढे म्हणत असू. नटी पालथी पडू लागली तेव्हापासून स्टुडिओच्या दर्शनी कपाटात होती. उताणी नटी, पालथी नटी, लोण्याच्या गोळ्यासह बाळकृष्ण झालेली नटी, कागदी चंद्रकोरीवर बसलेली नटी. गिऱ्हाईक दारात उभे राहून तिच्याकडे बोट दाखवी आणि ‘आमच्या पोराचा असा काढा’ म्हणे. माणसांना बोटे असतात ती आपल्याकडे दाखवण्यासाठीच, असा तिचा ठाम समज झाला असेल तर त्यात तिचा दोष नव्हता.

पहिला अर्धा सिनेमा या कपाटातूनच आला. एक कंपनी आरे-वारेच्या किनाऱ्यावर गाण्याचे चित्रण करायला आली होती. मुंबईहून आणलेल्या मुलीला घाटातल्या वळणांनी इतके पिळून काढले होते की समुद्र पाहताच ती आडवी झाली आणि उठेना. फिल्मचा रोल मिळेल का हे विचारायला कंपनीचा माणूस स्टुडिओत आला, त्याने कपाटात पाहिले, मग कपाटासमोर नाक शिंकरत उभ्या असलेल्या मूळ प्रतीकडे पाहिले, आणि दुसऱ्या दिवशी नटी वाळूवरून समुद्राच्या दिशेने धावली. कॅमेरा मागे होता. सिनेमा आला तेव्हा पडद्यावर एक अबोली रंगाचा ठिपका दूर पळताना दिसला एवढेच, पण नटीने अख्ख्या वर्गाला पाठीवरचे तुटलेले बटण पुरावा म्हणून दाखवले. त्यानंतर कितीतरी दिवस ती रस्त्याने आमच्या पुढे चालत असे. कलाकार ज्या बाजूने प्रसिद्ध झाला ती बाजू लोकांना दिसली पाहिजे, अशी त्यामागची उदार भूमिका होती.

मग दिवाळी सरली, हवेतला दमटपणा जरा सैल झाला, आणि दुसरी एक कंपनी मुक्कामाला आली. तिची कथा आमच्याच किनाऱ्यावरची होती: नावाडी नायक, त्याची खोकणारी आई, आणि धाकटी बहीण. ही बहीण आमच्या नटीला मिळाली. भावाने वादळात होडी घालू नये म्हणून ती त्याची विनवणी करते, तो अर्थातच ऐकत नाही, आणि मग किनाऱ्यावर उभी राहून ती रडते. ‘दादा, आज समुद्रावर जाऊ नकोस’ हे तिचे मुख्य वाक्य. ते तिने मला, स्वतःच्या आईला, पोस्टमनला आणि पाण्यावर आलेल्या गाईला इतक्या वेळा म्हणून दाखवले की आळीतला कोणी माणूस खरोखरच समुद्रावर निघाला असता तर त्यालाही थोडे अवघडल्यासारखे झाले असते. चित्रणाच्या दिवशी दिग्दर्शक तिच्या प्रत्येक वाक्याला ‘छान’ म्हणाले. ते ‘छान’ नेमके कशाला होते, हे आम्हाला पुढे कळायचे होते.

त्या मुक्कामातून तिने जे ज्ञान मिळवले त्याची झळ आम्हाला वर्षभर लागत राहिली. कॅमेऱ्यावरच्या माणसाने सहज म्हटले होते की पोरीचा चेहरा डावीकडून बरा दिसतो. झाले. तिने बाकाची उजवी कड धरली, म्हणजे सारा वर्ग तिच्या डाव्या अंगाला आला. वर्षभर मी तिचा उजवा गाल पाहिला नाही. मध्ये एकदा तिथे गांधीलमाशी चावून तो पुरीसारखा फुगला होता, हे मला तिच्या आईकडून समजले. गणिताच्या बाईंनी एकदा तिच्या तळहातावर पट्टी मारली, तेव्हा तिने हात मागे घेतलाच नाही. अत्यंत समजूतदारपणे ती म्हणाली, ‘बाई, परत घेऊ या. माझा चेहरा मागे राहिला.’ बाईंनी परत घेतले. त्याने समाधान झाले नाही म्हणून तिने पुन्हा हात पुढे केला, तेव्हा बाईंनाच हसू फुटले, आणि नटी म्हणाली, ‘आता तुमचं चुकलं.’

पण या सगळ्यावर कळस चढवला तो कंटिन्युइटी या शब्दाने. एका प्रसंगात अंगावर जे असते, हातात जे असते, ते त्याच प्रसंगाच्या पुढच्या चित्रणात जसेच्या तसे असले पाहिजे, हा सिनेमातला साधा नियम. नटीने तो संसाराला लावला. चित्रणाचा झगा आईला धुवू दिला नाही. खाऱ्या वाऱ्याने आणि सिनेमात हाती दिलेल्या टोपलीतल्या बांगड्यांनी तो असा काही कडक झाला होता की काढून ठेवला तरी उभा राही. अर्धा खाल्लेला लाडू ती ताटलीत त्याच जागी ठेवून शाळेला येई आणि परतल्यावर उरलेला खाई. एकदा त्याला मुंग्या लागल्या, तर तिने ताटली माझ्यापुढे धरली आणि तक्रार केली की मुंग्या कालच्या शॉटात नव्हत्या. तिची आई कपाळाला हात लावून जिन्यावरून खाली सांगत असे, ‘ह्या घरात ती कंटिन्युटी आली नि धुणं गेलं.’

चित्रण संपल्यापासून सिनेमा लागेपर्यंतच्या लांबच लांब महिन्यांत नटीने आवाज जपायला घेतला. आपल्या आवाजावर कंपनीचा पैसा लागला आहे, तेव्हा तो आता आपल्या एकटीचा राहिला नाही, असे तिचे म्हणणे. भर वैशाखात, जेव्हा जांभ्या दगडाच्या भिंतीसुद्धा घामेजल्यासारख्या वाटत, तेव्हा ती गळ्याला मफलर गुंडाळून हिंडे. चिंच बंद, आवळा बंद, करवंद बंद. जेवताना सोलकढीची वाटी समोर आली की ती तोंड फिरवी, आणि ज्याने कोकणात जन्म घेतला आहे त्यालाच या त्यागाची किंमत कळेल. सकाळी मिरी-मध, रात्री खडीसाखर. किरकोळ बोलणे ती पाटीवर लिहून दाखवी. शाळेच्या प्रार्थनेला नुसते ओठ हलवी. माझ्याशी मात्र ती बोले, आणि अगदी भरभरून बोले, कारण माझी गणना बहुधा ती तालमीत करत असावी.

इथे आमच्या बोलण्याविषयी दोन शब्द सांगायला हवेत. आमच्याकडच्या मराठीला एक हेल आहे. वाक्य निघते ते सपाट, ओल्या पुळणीवरून अनवाणी चालल्यासारखे. मग मध्येच कुठेतरी लाटेच्या माथ्यावर चढते, तिथे क्षणभर रेंगाळते, आणि शेवटचा शब्द फेसासारखा पसरवून मागे फिरते. आम्हाला तो हेल ऐकू येत नाही, जसा किनाऱ्यावरच्या घरांना समुद्र ऐकू येत नाही. घाटावरच्या माणसाला मात्र पहिल्याच वाक्यात येतो. नटीचा हेल तर आळीतही उठून दिसणारा होता. ‘मी येतंय गो’ एवढे तीन शब्द ती जिन्याच्या वरच्या पायरीवर उचलायची आणि खालच्या पायरीवर ठेवायची.

अखेर एका शुक्रवारी सिनेमा आमच्या टॉकीजला लागला. टॉकीजमध्ये मशीन चालवणारा ऑपरेटर नटीचा सख्खा मामा होता, त्यामुळे आपल्या घरचेच कार्य असल्यासारखी आळी लोटली. पत्र्याखाली दिवसभर कोंडलेली ऊब, गजऱ्यांतली अबोलीची फुले, भाजक्या शेंगांचे फोलपट, कुणाच्या तरी पिशवीतला सुक्या मासळीचा दडपलेला दर्प, या सगळ्यांत मिसळून आमची उत्कंठा चांगली घट्ट झाली होती. नटी बाल्कनीच्या पहिल्या रांगेत, उजव्या कडेला, तोच उभा राहणारा झगा घालून बसली होती. तिने मफलर अजून काढला नव्हता.

पडद्यावर समुद्र आला. वाळू आली. टोपली घेऊन धावत नटी आली, आणि पिटातून शिट्ट्या उठल्या. ती भावासमोर थांबली, डावा गाल नीट आमच्याकडे केला आणि तोंड उघडले. त्या तोंडातून एक स्वच्छ, धुतलेला, खळ घालून इस्त्री केलेला आवाज बाहेर पडला: ‘दादा, आज समुद्रावर जाऊ नकोस.’ त्यात कुठे चढ नव्हता, उतार नव्हता. एकेक अक्षर पाटावर बसवल्यासारखे जागच्या जागी बसले होते. शिट्ट्या थांबल्या. मग खालून कुणीतरी, अगदी शांतपणे, माहिती विचारावी तसे विचारले, ‘आवाज कुणाचा हा?’ वरच्या खोलीत मामाला वाटले की आपल्या मशीनने घात केला. भाचीचा आवाज असा येतोय म्हणजे काहीतरी बिघडले असणार. त्याने सिनेमा थांबवला, दिवे लावले, मशीन उघडून पुसले, आणि रीळ थोडे मागे घेऊन पुन्हा सुरू केला. पुन्हा टोपली आली, पुन्हा डावा गाल आला, आणि पुन्हा तोच इस्त्रीचा आवाज. त्या क्षणी सगळे पडद्याकडे बघत होते. मी तिच्याकडे बघत होते. तिने मफलरच्या आत हात घातला आणि स्वतःचा गळा चाचपला, घरातली एखादी वस्तू जागेवर आहे ना हे बघावे तसा.

दुसऱ्या दिवशी तिच्या बाबांनी मुंबईला ट्रंककॉल लावला. पलीकडून त्यांना समजावण्यात आले की यात विशेष काही नाही, आवाज नंतर वेगळा भरतातच. पुण्याची एक मुलगी या कामात तयार आहे, तिने छान बोलून दिले. तुमच्या मुलीचे काम उत्तम, फक्त बोलण्यात जरा रत्नागिरी येते. सिनेमा रत्नागिरीच्या किनाऱ्यावर घडतो, नायक रत्नागिरीचा, होडी रत्नागिरीची, वादळसुद्धा आमचे. तेव्हा बोलण्यात रत्नागिरी आली तर कुणाला टोचले, हे तिच्या आईने जिन्यातून साऱ्या गल्लीला विचारले. बाबा वर आले तेव्हा नटी पानावर बसली होती.

‘म्हणजे माझ्या तोंडात दुसरी मुलगी बोलली?’

‘हो.’

‘नि मी बोललं ते?’

बाबांनी चष्मा काढून सदऱ्याला पुसला. ‘ते ठेवायचंच नव्हतं, बाय. तुझे ओठ हलले, तेवढे त्यांना पुरे.’

तिने मफलर सोडून बाजूला ठेवला, आईच्या हातातून सोलकढीचे भांडे घेतले आणि तोंडाला लावून रिकामे केले. जपायचे आता उरले काय होते? ती रडली नाही. डाव्या डोळ्यानेही नाही, उजव्यानेही नाही.

तिला काय हवे आहे ते मात्र तिने मला त्याच संध्याकाळी सांगितले. तिला नाव नको होते, फोटो नको होता. पडद्यावरच्या आपल्या तोंडातून आपला आवाज निघालेला तिला ऐकायचा होता, आणि गावाला ऐकवायचा होता. एवढेच, आणि एवढे अशक्य. दुसऱ्या दिवशी ती मामाच्या खोलीत शिरली. तिचा बेत साधा होता: माझे वाक्य आले की तू आवाज बंद कर, मी बोलतंय. मामाने नोकरी जाईल असे सांगितले. तिने विचारले, तुझी नोकरी गेली तर दुसरी मिळेल, माझा आवाज कुठे मिळणार? मामा मॅनेजरांकडे गेला. मॅनेजर त्या वेळी रिकाम्या खुर्च्यांकडे बघत बसले होते, कारण पहिल्या तीन खेळांत गावाचे कुतूहल संपले होते. रिकाम्या खुर्च्यांसमोर कोण कसे बोलते याला कंपनीची हरकत असायचे कारण नाही, असा न्याय त्यांनी दिला. गणपतीच्या मांडवातला माइक मागून आणला गेला, पडद्याच्या कडेला चहाच्या कँटीनमधले स्टूल ठेवले गेले, आणि नटी त्यावर उभी राहिली.

त्या प्रयोगांचे वर्णन मी कसे करू? पहिल्या दिवशी मामाचा हात मागे-पुढे होत होता. नटीसाठी आवाज बंद करायचा आणि नायकासाठी उघडायचा, यात त्याची भंबेरी उडे, आणि नायकाचे अर्धे वाक्य नेहमी बुडे. दोन दिवसांत पिटातल्या मंडळींनी ती अडचण सोडवली. नायकाची वाक्ये त्यांना पाठ झाली होती. मंडळीच ती एका सुरात म्हणू लागली. नटी स्टुलावरून म्हणे, ‘दादा, आज समुद्रावर जाऊ नको रे’, शेवटच्या ‘रे’ला लाटेवर बसवून सोडून देई, आणि खालून शेदोनशे नायक गर्जत, ‘जायलाच हवं!’ मग तिला वाटू लागले की लेखकाने तिला फारच कमी शब्द दिले आहेत. पडद्यावरचे तोंड मिटले तरी तिचा आवाज पुढे चालू राही. आजारी आईला ती ‘पेज खाल्लंस का गो?’ असे विचारी, कारण मूळ सिनेमात त्या बिचारीला दोन तासांत कुणी काही खायला घातलेच नव्हते. भाऊ होडी लोटताना ती त्याला वाऱ्याची दिशा सांगे. नायिका मुंबईहून उतरते तेव्हा खरे तर नटी त्या दृश्यात नव्हतीच, तरी स्टुलावरून आवाज येई, ‘आली बघा.’ माणसे हसत, हसता हसता ती किनाऱ्यावर रडायची वेळ आली की गप्प होत, आणि बायका पदर तोंडाला लावत. रडणे मात्र ती कमी-जास्त करत नसे. मुंबईच्या रस्त्यावरच्या हातखंब्यापासूनची माणसे एसटीने येऊ लागली. महाराष्ट्रात इतरत्र जो सिनेमा आठवडाभरात उतरला, तो आमच्याकडे बसून राहिला.

त्या स्टुलावर ती पहिल्यांदा आम्हाला समोरून दिसली. डावे-उजवे पाहायला तिला सवडच नव्हती.

सिनेमा आपटला असताना एकाच गावात का चालतोय हे बघायला कंपनीचे व्यवस्थापक स्वतः आले. पांढरी सफारी, अत्तर, आणि हातात रुमाल. तो रुमाल त्या रात्री त्यांना फार उपयोगी पडला. हसून हसून त्यांचे डोळे गळत होते. दुसऱ्या दिवशी सकाळी ते जिना चढून वर आले. आईने चौरंग पुसला, कोकम सरबत केले. मी नेहमीप्रमाणे जिन्यातच होते, पण त्या दिवशी वरच्या पायरीवर. व्यवस्थापकांनी सांगितले की पुढच्या सिनेमात नटीला मोठे काम आहे, सुरुवातीपासून शेवटपर्यंत, आणि आवाज तिचाच राहील, दुसऱ्या कुणाचा एक शब्द भरणार नाही. बाबांचा चेहरा असा उजळला की त्यांनी स्वतःच त्याचा फोटो काढायला हवा होता. नटी जमिनीवर बसली होती, नेहमीप्रमाणे डावा गाल पाहुण्याकडे करून.

‘मी कोण आहे त्यात?’ तिने विचारले.

‘पुण्यातल्या एका मोठ्या घरी कामाला असलेली मुलगी. फार मजेदार आहे. तू तोंड उघडलंस की थिएटर हसणार.’

‘कशाला?’

‘अगं, तुझं बोलणंच असं आहे. काल मी नाही का हसलो?’

‘काल लोक मी काय बोलतंय त्याला हसले.’

व्यवस्थापक प्रेमाने हसले. माणूस वाईट नव्हता. ‘इथले सगळे तसंच बोलतात, बाळ. त्यांना ते कसं कळणार?’

नटीला हवे होते तेच ताटात वाढून समोर आले होते: मोठा पडदा, सगळीकडची टॉकीजे, आणि तिच्या तोंडून तिचाच आवाज. मग तिने मान वळवली आणि पाहुण्याला दोन्ही गाल दाखवले.

‘मग त्या पुण्याच्या मुलीलाच घ्या,’ ती म्हणाली. ‘आता तोंडपण तिचंच घ्या. आमच्यासारखं बोलायला तिला मी शिकवीन. पण कुणी हसणार नाय, असं शिकवीन.’

व्यवस्थापकांनी बाबांकडे पाहिले. अशी संधी पुन्हा येत नसते, हे त्यांनी दोनदा, वेगवेगळ्या शब्दांत सांगितले, आणि त्यात काही खोटे नव्हते. बाबांचा चेहरा एव्हाना मावळला होता. कपाटातल्या बाळकृष्णापासून त्यांनी पाहिलेले काहीतरी त्या सकाळी जिन्यावरून खाली चालले होते. तरी ते म्हणाले, ‘तोंड तिचं, आवाज तिचा. मी मध्ये काय बोलू?’ आईने सरबताचा रिकामा पेला उचलला आणि हातखंब्याला जाणारी गाडी आत्ता निघाली तर मिळेल, पुढे मुंबईची तिथेच धरता येईल, असे अतिशय आदराने सुचवले.

त्या शुक्रवारी सिनेमा उतरला. माइक मांडवाच्या सामानात परत गेला, स्टुलावर कँटीनवाला बसू लागला. झगा आईने एकदाचा धुतला, आणि तो धुतल्यावर त्याचा खरा रंग पाहून घरात सगळ्यांनाच आश्चर्य वाटले. नटीने आपले नियम एकेक करून असे सोडले की ते कधी सुटले ते मलाही कळले नाही. एक दिवस ती बाकावर माझ्याकडे तोंड करून चिंच खात होती एवढे आठवते. कुणी विचारले तर ती अजूनही ‘सिनेमात होते’ म्हणे, पण ते सांगताना थोडी घाई करी. कंपन्या त्यानंतरही आल्या, आरे-वारेला गाणी झाली, मुली धावल्या. स्टुडिओच्या दारात कुणी थांबले नाही.

आम्ही दहावीत गेलो तोवर तिच्या घरी टीव्ही आला होता. एका संध्याकाळी तोच सिनेमा लागला. आळी पुन्हा जमली, वर, जिन्यात, माझ्या पायरीवरसुद्धा. मामा मुद्दाम टीव्हीच्या बटणाजवळ बसला होता. पडद्यावर, चांगला हातभर पडदा तो, टोपली घेऊन ती चिमुरडी आली आणि मामाने आवाज बारीक केला. सगळे नटीकडे वळले. तिने हसत हसत सुरुवात केली, ‘दादा...’ आणि थांबली. मधल्या वर्षांत तिचा आवाज खाली उतरला होता, भरला होता. त्यात आता एक ओलसर, सावलीतला जडपणा होता. हेल तोच होता, पण तो त्या इवल्या तोंडाला होईना. नऊ वर्षांच्या ओठांवर पंधरा वर्षांचा आवाज. ते तिला आमच्या आधी ऐकू गेले.

‘मोठा कर, मामा,’ ती म्हणाली.

मामाने आवाज मोठा केला. आणि आम्ही त्या पुण्याच्या मुलीचे बोलणे पहिल्यांदा नीट ऐकले. इतकी वर्षे आम्ही तिला चोर समजत आलो होतो. काचेच्या खोलीत, समुद्र न पाहता, मासळीचा वास न घेता, कुठल्यातरी परक्या मुलीचे ओठ निरखत ती बोलली होती. आणि शेवटी किनाऱ्यावर रडायची वेळ आली तेव्हा तिचाही श्वास मध्येच अडकला होता, खरोखरचा अडकला होता. तेवढी जागा इस्त्रीतून सुटली होती. नटी पुढे सरकून, गुडघ्यांना मिठी घालून ऐकत होती.

‘हिच्याकडे पण आत्ता टीव्ही लावला असेल,’ ती म्हणाली. ‘आजूबाजूचे जमले असतील. आवाज आमच्या मुलीचा, पण तोंड कुणाचं हे, म्हणत असतील.’

खाली रस्त्यावरून एक रिक्षा गेली आणि टीव्हीवरच्या समुद्रात क्षणभर मुंग्या आल्या. दृश्य संपले. होडी गेली, वाळू रिकामी झाली. नटीने टीव्हीच्या काचेकडे वाकून, जिन्यातून मला हाक मारावी तशा आवाजात, शेवटचा शब्द लाटेवर ठेवून त्या न पाहिलेल्या मुलीला सांगितले, ‘बरं बोललंस गो.’